वर्गातला तिसरा जोशी

आमच्या जपानीच्या संध्याकाळच्या वर्गात दोन जोशी होते. तिसऱ्या आठवड्यात बाईंनी फळ्यावर एक शब्द लिहिला आणि मोठ्याने वाचला, ‘जोशि’. दोन्ही जोश्यांनी माना वर केल्या. बाई हसल्या आणि म्हणाल्या, तुम्ही नाही, हा तिसरा. जपानी व्याकरणात ‘जो’ म्हणजे मदत आणि ‘शि’ म्हणजे शब्द. नामाच्या पाठीमागे उभा राहून त्याचं वाक्यातलं नातं सांगणारा मदतनीस शब्द, तो जोशि. (‘ओ’ लांबवून ‘जोओशि’ म्हटलंत तर अर्थ होतो ऑफिसातला साहेब. ‘ओ’ ऱ्हस्वच ठेवून चित्रलिपी बदलली तर अर्थ होतो मुलगी. आमच्या जोश्यांना हे तिन्ही अर्थ पुढे वर्षभर पुरले.)

मराठीत ज्याला आपण विभक्तिप्रत्यय आणि शब्दयोगी अव्यय म्हणतो, त्यांचंच काम हे जोशि करतात. घराला, घरात, घरून, घरापासून, घरापर्यंत, घरही, घरच. मराठी माणूस नामाच्या मागे शेपूट लावूनच बोलतो आणि जपानी माणूसही तसाच. दोन्ही भाषांत क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं. एवढं साम्य असूनही आम्ही पहिले सहा महिने अडखळत होतो. कारण हातातलं पुस्तक इंग्रजीतून जपानी शिकवणारं होतं. जपानी वाक्य वाचायचं, त्याचं इंग्रजी करायचं, मग त्या इंग्रजीचा अर्थ मराठीत लावायचा. शेजारच्या वाड्यात जायला सबंध पेठेला वळसा.

सगळ्यात मोठा वळसा ‘वा’ आणि ‘गा’ या दोन जोशिंपाशी पडतो. पुस्तक सांगतं की ‘वा’ विषयदर्शक आणि ‘गा’ कर्तादर्शक. मग विद्यार्थी विचारतो, ‘वाताशि वा गाकुसेइ देस्’, म्हणजे ‘मी विद्यार्थी आहे’, यात ‘मी’ कर्ताच आहे ना? मग ‘वा’ का लावला? यावर पुस्तक दोन पानं खर्च करतं आणि विद्यार्थी आणखी गोंधळतो.

जपानी अभ्यासकांचंही याच प्रश्नावर बरंच डोकं शिणलेलं आहे. मिकामि आकिरा नावाचे गणिताचे एक शिक्षक होते. त्यांनी 1960 साली या विषयावर पुस्तक लिहिलं आणि त्याला नावच एका वाक्याचं दिलं: ‘झोओ वा हाना गा नागाइ’. झोओ म्हणजे हत्ती, हाना म्हणजे नाक किंवा सोंड, नागाइ म्हणजे लांब. या एवढ्याशा वाक्यात ‘वा’ही आहे आणि ‘गा’ही आहे. मग कर्ता कोण, हत्ती की सोंड? मिकामिंचं म्हणणं असं की पाश्चात्त्य व्याकरणातून आलेली कर्त्याची कल्पना जपानीवर लादूच नये. इंग्रजीत हे वाक्य नेताना ‘हत्तीला लांब सोंड असते’ किंवा ‘हत्तीची सोंड लांब असते’ असं काहीतरी फिरवावं लागतं. मराठीत फिरवाफिरवीची गरज नाही. ‘हत्ती म्हणाल, तर सोंड लांब.’ झालं. ‘म्हणाल तर’ हा ‘वा’.

‘वा’साठी मराठीतला ‘तर’ कानात ठेवला की पुष्कळ वाक्यं आपोआप सुटतात. ‘मी तर येणार नाही बुवा’ म्हणताना दुसरं कोणी येणार असेल तर येवो, असं आपण सुचवतो. ‘वाताशि वा इकिमासेन्’ म्हणणारा जपानी माणूसही पुष्कळदा तेच सुचवत असतो. ‘गा’साठी मात्र ‘च’ आठवावा. दारात कोणी येऊन विचारलं, ‘तानाकासान् कोण?’ तर उत्तर ‘वाताशि गा तानाका देस्’, म्हणजे मीच तानाका. नुसती ओळख करून देताना ‘वाताशि वा तानाका देस्’. आणि ‘मो’ हा तर सरळसरळ आपला ‘ही’ किंवा ‘पण’. ‘वाताशि मो’ म्हणजे मी पण. तर, च, ही हे तीन चिमुकले शब्द मराठी माणूस दिवसातून शेकडो वेळा नेमके वापरतो, आणि जपानीचं पुस्तक उघडताना नेमके तेच घरी विसरून येतो. हे जुळणं शंभर टक्के नाही. ‘आमे गा फुत्ते इमास्’, म्हणजे ‘पाऊस पडतोय’, यातल्या ‘गा’त ‘च’ शोधायला जाल तर सापडणार नाही. तिथे नवी बातमी सांगितली जाते आहे, एवढंच. पण सुरुवातीला दहापैकी सात वेळा कान बरोबर सांगतो, आणि नवशिक्याला तेवढं पुष्कळ झालं.

‘वा’ची दुसरी गंमत हॉटेलात कळते. जपानीच्या विद्यार्थ्यांना हमखास शिकवलं जाणारं वाक्य आहे: ‘बोकु वा उनागि दा’. शब्दशः ‘मी ईल मासा आहे’. ओकुत्सु केइइचिरो या व्याकरणकारांनी 1978 साली या एका वाक्याच्या व्याकरणावर अख्खं पुस्तक लिहिलं. आता पुण्यातल्या कुठल्याही मिसळीच्या दुकानात जाऊन बसा. वेटर हातात दोन ताटल्या घेऊन येतो आणि विचारतो, ‘मिसळ कोण?’ तुम्ही हात वर करून म्हणता, ‘मिसळ मी, हे थालीपीठ.’ आजवर कोणीही तुम्हाला मिसळ समजलेलं नाही. ओकुत्सुंचं पुस्तक तुम्ही रोज जगता आहात.

आता शाळेतला एक जुना प्रश्न आठवा. ‘मला थंडी वाजते’ या वाक्यात कर्ता कोण? वर्गातली अर्धी पोरं ‘मला’ म्हणायची आणि छडी खायची. वाजणारी कोण? थंडी. म्हणून थंडी कर्ता. ‘बाळूला लाडू आवडतो.’ आवडणारा कोण? लाडू. ही कसरत ज्याने पाठ केली, त्याला जपानीचा एक अवघड धडा फुकट मिळतो. आवडण्यासाठी जपानीत ‘सुकि’ हा शब्द आहे, आणि आवडणाऱ्या वस्तूला ‘गा’ लागतो: ‘वाताशि वा नेको गा सुकि देस्’, मला मांजर आवडतं. कळणं, येणं, हवं असणं, दिसणं, ऐकू येणं या सगळ्यांचं तसंच. ‘निहोन्गो गा वाकारिमास्’, जपानी कळतं. ‘मिझु गा होशिइ’, पाणी हवं. इंग्रजीतून येणारा माणूस इथे मांजराला कर्म समजतो आणि ‘ओ’ लावून मोकळा होतो. मराठीतून येणाऱ्याने तसं करायचं काही कारण नाही, पण आम्ही केलं. पुस्तक इंग्रजी होतं ना.

‘ओ’ हा कर्माचा जोशि. ‘ओचा ओ नोमिमास्’, चहा पितो. यातला ‘चा’ आणि आपला चहा दोन्ही चीनमधूनच आले. मराठी निर्जीव कर्माला प्रत्यय लावत नाही, चहा पितो, पुस्तक वाचतो, पण सजीवाला ‘ला’ लावते, मुलाला बोलावतो. जपानी ‘ओ’ असला भेद करत नाही, दोघांनाही लागतो. आणि इथेच मराठी माणसाचा पाय घसरतो, कारण आपला ‘ला’ दोन नोकऱ्या करतो. ‘मित्राला भेटतो’, ‘सरांना विचारतो’ इथे जपानीत ‘नि’ येतो: ‘तोमोदाचि नि आइमास्’, ‘सेन्सेइ नि किकिमास्’. पण ‘मुलाला बोलावतो’ला ‘ओ’च हवा: ‘कोदोमो ओ योबिमास्’. त्यात हा ‘नि’ मराठीत ‘आणि’ म्हणून कानाला बसलेला. राम नि श्याम. जपानीत दोन नामं जोडायला ‘तो’ लागतो: राम् तो श्याम्. पहिल्या महिन्यात माझ्या वहीतले राम आणि श्याम कायम एकमेकांना काहीतरी देताना दिसत.

याहून वाईट खड्डा ‘ने’चा. साधनाचा ‘ने’ जपानीत ‘दे’ होतो. बसने, ‘बासु दे’. चॉपस्टिकने, ‘हाशि दे’. हे इतकं बिनचूक जुळतं की माणूस गाफील होतो. मग भूतकाळात ‘रामाने आंबा खाल्ला’ लिहिताना रामालाही ‘दे’ लागतो, आणि राम हा आंबा खाण्याचं साधन होऊन बसतो. मराठीत भूतकाळात कर्त्याला ‘ने’ लागतो आणि क्रियापद आंब्याच्या तालावर नाचतं, आंबा खाल्ला, पोळी खाल्ली. जपानीत असलं काही नाही. राम ‘वा’ किंवा ‘गा’ घेऊन उभा राहतो, आंबा ‘ओ’ घेऊन, काळ कुठलाही असो.

स्थळाचा ‘त’ही असाच दुभंगतो. ‘पुण्यात राहतो’ आणि ‘पुण्यात काम करतो’, दोन्हीकडे आपला ‘त’ एकच. जपानीत पहिला ‘नि’, दुसरा ‘दे’: ‘पुने नि सुन्दे इमास्’, ‘पुने दे हाताराइते इमास्’. आमच्या बाईंनी ढोबळ खूण दिली होती ती अजून उपयोगी पडते: नुसतं असणं, राहणं, पोचणं, बसणं असेल तर ‘नि’, हातपाय हलत असतील तर ‘दे’. मात्र मीटिंग ‘तोक्योत आहे’ म्हणताना आपण ‘आहे’ म्हटलं तरी जपानीत ‘दे’च येतो, कारण मीटिंग ही घडणारी गोष्ट. आमच्या ऑफिसातल्या मीटिंगांत काही घडतं का, हा प्रश्न व्याकरणाच्या बाहेरचा.

बाकीचे जोशि फार त्रास देत नाहीत. ‘कारा’ म्हणजे पासून, ‘मादे’ म्हणजे पर्यंत. ‘नो’ म्हणजे चा, ची, चे, च्या, चं सगळं एकात. ‘माझ्या मित्राच्या घरचा कुत्रा’ या एका ओळीत मराठी तीन रूपं बदलते. जपानी ‘वाताशि नो तोमोदाचि नो इए नो इनु’ म्हणते आणि पुढे जाते. वाक्याच्या शेवटी लागणारा प्रश्नार्थक ‘का’ तर आपलाच वाटतो: ‘इकिमास् का?’, जाता का? ‘ने’ हा आपला ‘ना’: ‘इइ देस् ने’, छान आहे ना. हे कानाचे योगायोग आहेत, त्यातून दोन भाषांचं गोत्र जुळवायला जाऊ नये. पण लक्षात ठेवायला योगायोग बरे पडतात.

एका गोष्टीत मात्र खरा धागा आहे. विषयाचा ‘वा’ लिहिताना जपानी लोक ‘हा’ हे अक्षर लिहितात आणि वाचताना ‘वा’ वाचतात. ‘कडे’ या अर्थाचा ‘ए’ लिहितात ‘हे’ असा. कारण असं की फार पूर्वी शब्दाच्या मध्ये येणाऱ्या ‘ह’ ओळीच्या अक्षरांचे उच्चार ‘व’सारखे झाले, आणि जोशि मागच्या शब्दाला चिकटूनच उच्चारला जात असल्यामुळे त्यालाही मधल्या अक्षराचाच नियम लागला. 1946 साली जपानने अक्षरलेखन उच्चाराप्रमाणे सुधारून घेतलं, तेव्हा बाकी शब्द बदलले, पण जोशिंची जुनी अक्षरं तशीच ठेवली. आता ती ‘ह’ची ओळ कुठे येते ते पाहा. जपानी अक्षरमालेचा क्रम आ, इ, उ, ए, ओ, मग का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा. हा क्रम ओळखीचा वाटला तर नवल नाही. बौद्ध भिक्षूंनी संस्कृत मंत्रांसाठी सिद्धम् लिपीचा अभ्यास केला, त्याची छाप यावर आहे. ‘हा’चा जुना उच्चार ‘पा’च्या जवळचा होता. म्हणजे न, प, म, य, र, व. आपली बाराखडी वेशांतर करून बसली आहे.

आणि तीच बाराखडी क्रियापदात कामाला येते. पुस्तकात जपानी क्रियापदांचे तीन गट दिलेले असतात आणि पहिल्या गटाची रूपं पाहून छातीत धस्स होतं. ‘नोमु’, पिणे, हे घ्या. नोमानाइ, पीत नाही. नोमिमास्, पितो, सभ्यपणे. नोमु, पितो, घरातल्यासारखं. नोमेबा, प्यायलं तर. नोमोओ, पिऊ या. आता फक्त ‘नो’च्या पुढचं अक्षर वाचा: मा, मि, मु, मे, मो. जपानी व्याकरण या गटाला ‘गोदान्’ म्हणतं. गायीशी संबंध नाही. ‘गो’ म्हणजे पाच, ‘दान्’ म्हणजे पायरी. पाच पायऱ्यांची क्रियापदं. ‘काकु’, लिहिणे, तर का, कि, कु, के, को. पाटीवर बाराखडी गिरवलेल्या माणसाला हे तक्ते पाठ करायची गरजच काय? दुसऱ्या गटात मूळ हलतच नाही: ताबेनाइ, ताबेमास्, ताबेरु. तिसऱ्यात दोनच नियमबाह्य क्रियापदं आहेत, ‘सुरु’ म्हणजे करणे आणि ‘कुरु’ म्हणजे येणे. दोनच! इंग्रजीचे तक्ते घोकलेल्या माणसाला हे खरं वाटत नाही. सावध राहायचं ते जुळ्यांपासून: ‘काएरु’ म्हणजे घरी परतणे पहिल्या गटात, काएरिमास्, ‘काएरु’ म्हणजे बदलणे दुसऱ्या गटात, काएमास्.

शिवाय क्रियापदाला लिंग नाही, वचन नाही, पुरुष नाही. जातो, जाते, जातेस, जाता, जातात या सगळ्यांना ‘इकिमास्’. काळही दोनच, झालेला आणि न झालेला. इथे सुटलो असं वाटतं, पण याची किंमत दुसरीकडे मोजावी लागते. मराठीत ‘मी’ गाळला तरी ‘जाते’वरून बाई बोलते आहे हे कळतं. जपानी माणूसही ‘मी’ गाळतो, पण खूण मागे ठेवत नाही. कोण गेलं हे संदर्भावरूनच ओळखायचं.

‘आहे’ मात्र दोन आहेत. जिवंत, हलत्याला ‘इरु’, बाकीच्याला ‘आरु’. झाड जिवंत असूनही ‘आरु’. टाकीत पोहणारा मासा ‘इरु’, बाजारात बर्फावर मांडलेला ‘आरु’. मी एकदा ऑफिसात शिरून ‘सेन्सेइ वा आरिमास् का?’ असं विचारलं होतं. बाईंनी आपल्या हाताकडे बघून म्हटलं, ‘अजून तरी इमास्.’

आता ज्यासाठी हा लेख लिहायला घेतला ते ‘ते-रूप’. विद्यार्थी याला सगळ्यात जास्त घाबरतात, कारण नोमुचं नोन्दे होतं, काकुचं काइते, काउचं कात्ते, आणि इकुचं अपवाद म्हणून इत्ते. मूळ नोमिते, काकिते अशी सरळ रूपं होती, बोलण्यात झिजली. झीज पाठ करावीच लागते, त्याला इलाज नाही. पण या रूपाचा उपयोग कळायला मराठी माणसाला एक मिनिट पुरतं. ‘आसा ओकिते, काओ ओ आरात्ते, ओचा ओ नोन्दे, काइशा ए इकिमास्.’ सकाळी उठून, तोंड धुऊन, चहा पिऊन ऑफिसला जातो. ते-रूप म्हणजे आपलं ऊन-रूप. (‘ओकिते’ पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वर्ग हसला. जपानीत त्याचा अर्थ ‘उठून’ आहे. सकाळी सकाळी भलतं काही नाही.)

पुढचं ऐकून तर मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. ‘मिरु’ म्हणजे बघणे. ‘ताबेते मिरु’ म्हणजे? खाऊन बघणे. ‘ओकु’ म्हणजे ठेवणे. ‘काइते ओकु’ म्हणजे लिहून ठेवणे. ‘कात्ते कुरु’, विकत घेऊन येणे. ‘मोत्ते इकु’, घेऊन जाणे. इंग्रजी पुस्तक इथे ‘प्रयत्नार्थी रचना’, ‘पूर्वतयारीदर्शक रचना’ अशा पाट्या लावतं आणि प्रत्येकीला एक धडा देतं. आपल्याला पाटी नको, धडाही नको. आपली आजी ‘जरा चाखून बघ गं’ म्हणते तेव्हा चाखण्यात डोळ्यांचं काय काम, असं कोणी विचारत नाही. जपानी आजीही तेच क्रियापद वापरते. एकाच कामासाठी बघणे आणि ठेवणे निवडणाऱ्या या दोन भाषांमध्ये नातं नाही, हे मला अजूनही थोडं अविश्वसनीय वाटतं. भाषाशास्त्रज्ञ कॉलिन मसिका यांनी दक्षिण आशियाई भाषांच्या समान खुणांवर 1976 साली जे पुस्तक लिहिलं, त्यात अशा खुणा आशियात कुठवर पसरल्या आहेत याचा माग काढला आहे. तोक्योतल्या राष्ट्रीय जपानी भाषा संस्थेत मूलभूत क्रियापदांचा ऑनलाइन कोश ज्यांच्या नेतृत्वाखाली झाला, ते प्रशांत परदेशी मराठीच आहेत. मला त्यात आश्चर्य वाटत नाही.

‘शिमाउ’ हे सहायक क्रियापद मराठीला थोडं गरीब वाटेल. ‘ताबेते शिमाउ’ म्हणजे खाऊन टाकणे, ‘वासुरेते शिमाउ’ म्हणजे विसरून जाणे, ‘इत्ते शिमाउ’ (हे ‘इत्ते’ जाण्याचं नव्हे, बोलण्याचं) म्हणजे नको ते बोलून बसणे. टाकणे, जाणे, बसणे या आपल्या तीन छटा जपानी एका शब्दात भागवते. उलट देण्याघेण्यात ती श्रीमंत. मी कोणाला दिलं तर ‘आगेरु’, कोणी मला दिलं तर ‘कुरेरु’. म्हणून ‘तोमोदाचि गा होन् ओ कुरेमाशिता’ यात ‘मला’ कुठेच नाही, तरी पुस्तक माझ्याच हातात पडलं आहे हे पक्कं.

जपानीची प्रमाणपरीक्षा जुलैत आणि डिसेंबरात होते, पुण्यातही केंद्र असतं. एन-5 ही सर्वांत खालची पातळी. तिच्या व्याकरणात एक प्रश्न असा येतो की वाक्यात चार रिकाम्या जागा, एका जागेवर चांदणी, खाली चार तुकडे विस्कटून दिलेले. ते जुळवायचे आणि चांदणीच्या जागी कोण बसतो ते सांगायचं. मी हे प्रश्न ओठ हलवत, मराठीत पुटपुटत सोडवले. शेजारच्या बाकावरचा मुलगा इंग्रजीतून सोडवत होता, आणि त्याला प्रत्येक वाक्य शेवटून सुरुवातीकडे उलटं करावं लागत होतं.

नव्याने शिकायला बसणार असाल तर वहीच्या पानाच्या मधोमध एक उभी रेघ मारा. डावीकडे जपानी वाक्य, उजवीकडे तेच वाक्य मराठीत, पुस्तकी नव्हे, घरी बोलता तसं. इंग्रजीसाठी रकाना आखू नका.